वाचकांचे प्रश्न : जर्मन कविता आणि तिचा मराठी अनुवाद

जर्मन भाषेतील कविता, तिचा अभ्यास आणि तिचे मराठीकरण या विषयावर मराठवाड्यातून आलेल्या पत्रांना या वेळी उत्तरे देत आहे. काही पत्रे बरीच मोठी होती. त्यांतील मुख्य प्रश्न तेवढा येथे घेतला आहे.

प्रश्न : मी मराठीचा प्राध्यापक आहे. मला जर्मन येत नाही. रिल्केच्या कविता मी इंग्रजीतून वाचतो आणि त्यांतील काही मराठीत आणाव्यात असे मला फार वाटते. अशा अनुवादाला अभ्यासक कमी लेखतात, असे ऐकले आहे. मी हे काम सोडून द्यावे का? (एक वाचक, अंबाजोगाई)

उत्तर : सोडू नये. शाकुंतलाची जर्मनीत जी कीर्ती झाली, ती मधल्या भाषेतूनच झाली. विल्यम जोन्स यांचा इंग्रजी अनुवाद १७८९ मध्ये कलकत्त्यात निघाला, त्यावरून गेऑर्ग फॉर्स्टर यांनी १७९१ मध्ये तो जर्मनमध्ये आणला, आणि संस्कृत न जाणणाऱ्या जर्मन महाकवी ग्योथेने तेवढ्या आधारावर शकुंतलेची चार ओळींत जी स्तुती केली, ती आजही उद्धृत केली जाते. अभ्यासकांचा खरा आक्षेप मधल्या भाषेला नसतो. वाटेत काय गळून पडले याचा पत्ता अनुवादकाला नसतो, याला असतो.

रिल्केच्या बाबतीत बहुतेक वेळा गळतो तो छंद. अनेक इंग्रजी अनुवादांनी यमक सोडले आहे किंवा अर्धेमुर्धे ठेवले आहे, आणि त्यांवरून मराठीत येताना तेवढेही उरत नाही. परिणामी युरोपातील सगळे थोर आधुनिक कवी मुक्तछंदातच लिहीत होते, अशी समजूत आपल्याकडे रुजली आहे. ‘डेअर पांथर’ ही कविता घ्या. पॅरिसच्या ‘जार्दां दे प्लांत’ या उद्यानातील पिंजऱ्यातल्या प्राण्यावर रिल्केने ती लिहिली आणि १९०७ च्या ‘नॉय गेडिश्ट’ म्हणजे ‘नव्या कविता’ या संग्रहात ती आली. चार-चार ओळींची तीन कडवी, पहिल्या ओळीचे तिसरीशी आणि दुसरीचे चौथीशी यमक, आणि प्रत्येक ओळीत पाच आघात, म्हणजे जोर देऊन उच्चारायची पाच अक्षरे, अशी तिची घट्ट बांधणी आहे. अगदी शेवटच्या ओळीत मात्र चारच आघात आहेत. त्या कडव्यात डोळ्याचा पडदा क्वचित उघडतो, एक प्रतिमा आत शिरते, ताणलेल्या अवयवांच्या स्तब्धतेतून जाते आणि हृदयाशी पोहोचून नाहीशी होते. जेथे ती नाहीशी होते तेथेच ओळही एका आघाताने आधी थांबते. ज्या अनुवादात मुळात सगळ्याच ओळी लहानमोठ्या आहेत, त्यात हे थांबणे कोणाला ऐकू येणार?

पहिल्या कडव्यात गजांसाठीचा शब्द तीनदा येतो, आणि मधल्या खेपेस त्याच्याच शेजारी त्याच ध्वनीचे क्रियापद येऊन बसते, त्यामुळे गजांमागून गज सरकत असल्याचा भास कानालाही होतो. हे यमक मराठीत जसेच्या तसे येणार नाही. पण ‘हजार गज, आणि हजार गजांमागे जग नाही’ असे लिहिले की तीच दोन अक्षरे उलटी होऊन समोर उभी राहतात, आणि जग जणू गजांनीच गिळलेले असते. रिल्केने हा खेळ केलेला नाही, तरीही मला तो त्याच्या ओळीशी इमान राखणारा वाटतो, कारण मूळ ओळ जे काम ध्वनीकडून करून घेते तेच काम येथेही ध्वनीच करतो. असे काही हाती लागायचे असेल, तर मुळात ध्वनी काय करतो आहे हे आधी कळले पाहिजे.

म्हणून माझी सूचना अशी आहे की, एका इंग्रजी अनुवादावर विसंबू नये. तीन अनुवाद शेजारी ठेवावेत आणि जेथे ते एकमेकांशी जुळत नाहीत त्या जागांवर खूण करावी. मूळ कविता जेथे अवघड आहे, त्याच त्या जागा असतात. मग जर्मन जाणणाऱ्या व्यक्तीबरोबर बसून मूळ कविता मोठ्याने वाचून घ्यावी, खुणा केलेल्या जागी शब्दशः अर्थ विचारावा आणि आघात मोजावेत. एका कवितेला यात आठवडा गेला तरी तो सार्थकी लागतो. अनुवाद छापताना तो कोणत्या इंग्रजी पाठांवरून केला हे स्पष्ट लिहावे.

शीर्षकाचाही विचार करावा. मराठवाड्यात ‘पँथर’ म्हटले की १९७२ मध्ये स्थापन झालेली दलित पँथर आणि पुढचा नामांतराचा लढा आठवतो, आणि पिंजऱ्यातल्या प्राण्याच्या कवितेवर तो अर्थ आपोआप चढतो. तो चढू द्यायचा की नाही, हे समजून-उमजून ठरवावे. मी ‘बिबट्या’ म्हणेन, कारण या कवितेत रिल्केची नजर प्राण्यावरून हलत नाही.

प्रश्न : मी भजनाच्या परंपरेत वाढलो आहे. ग्योथे, रिल्के यांच्या कविता ओवीत किंवा अभंगात बांधल्या तर त्या आपल्या लोकांना जवळच्या वाटतील. हे शास्त्राला धरून होईल का? (एक वाचक, गंगाखेड)

उत्तर : जनाबाईंच्या गावाहून हा प्रश्न यावा, याचा मला आनंद वाटला. जर्मन विचारवंत फ्रीड्रिश श्लायरमाखर यांनी १८१३ मध्ये बर्लिनच्या विद्वत्सभेत अनुवादाच्या पद्धतींवर जे व्याख्यान दिले, त्यात नेमका हाच प्रश्न आहे. लेखकाला त्याच्या जागी राहू देऊन वाचकाला त्याच्याकडे न्यावे, किंवा वाचकाला जागचे न हलवता लेखकाला त्याच्याकडे आणावे, या दोनच वाटा आहेत असे त्यांनी मांडले आणि स्वतः पहिलीची बाजू घेतली. आपण विचारता ती दुसरी वाट. गीता ओवीत आलेली भाषा त्या वाटेला तुच्छ मानू शकत नाही.

तरीही सगळ्या कवितांना एकच उत्तर लागू होत नाही. ओवीत पहिले तीन चरण यमकाने बांधलेले आणि चौथा आखूड व मोकळा असतो, म्हणजे दर ओवीच्या शेवटी एक थांबा ठरलेलाच असतो. वर सांगितलेली ‘पांथर’ ओवीत बांधली, तर प्रत्येक कडवे आखूड चरणाने संपेल आणि अगदी शेवटी एकदाच येणारा तो धक्का राहणार नाही. याउलट ग्योथेची ‘वांड्रर्स नाख्टलीड’, म्हणजे ‘वाटसरूचे रात्रगीत’, पाहा. ६ सप्टेंबर १७८० रोजी इल्मेनाऊजवळच्या किकेलहान डोंगरावरील लाकडी झोपडीच्या भिंतीवर त्याने या आठ ओळी लिहिल्या. प्रथम शिखरांवरची शांतता, मग झाडांच्या शेंड्यांतला जेमतेम जाणवणारा श्वास, मग रानात गप्प झालेली पाखरे, आणि शेवटी ‘थोडा थांब, तूही विसावशील’ असे माणसाला सांगणे, हा तिचा क्रम आहे. दगड, वनस्पती, पक्षी, माणूस असा हा उतार अभ्यासकांनी पुष्कळ चर्चिला आहे आणि तो मोडला तर कवितेत फारसे काही राहत नाही. तीन चरणांत निसर्ग आणि चौथ्या आखूड चरणात माणूस, अशी रचना ओवीला सहज जमते. अभंगाच्या ठरावीक अक्षरसंख्येत मात्र भरीचे शब्द घालावे लागतील, आणि इतक्या कमी शब्दांच्या कवितेत एकही भरीचा शब्द खपत नाही.

रिल्केच्या ‘ऑर्फेउससाठी सुनीते’ या १९२३ च्या पुस्तकातील पंचावन्न कवितांना तर मी सुनीताशिवाय दुसरा साचा वापरणार नाही. केशवसुतांपासून मराठीत रुळलेला हा चौदा ओळींचा प्रकार आपल्या हाताशी आहे. परका छंद आणल्याने भाषा बिघडते, असे मानण्याचे कारण नाही. योहान हाइनरिश फोस यांनी होमरचे ‘ओदिसी’ १७८१ मध्ये ग्रीक षट्पदी छंदातच जर्मनमध्ये आणले, आणि अशा प्रयत्नांतून जर्मन कवितेचा कान इतका तयार झाला की पुढे होल्डरलिन या कवीने ग्रीक साच्यातील ‘ओड’ स्वतःच्या भाषेत सहजपणे लिहिल्या. एक अडचण ध्यानात ठेवावी. जर्मन छंद आघातावर चालतो, तर आपली वृत्ते लघु-गुरूवर किंवा अक्षरांच्या संख्येवर चालतात. त्यामुळे मूळ छंदाचे गणित मराठीत आणता येत नाही. त्या गणितातून उत्पन्न होणारा ताण तेवढा आणता येतो.

प्रश्न : रिल्केला जर्मन कवी म्हणावे की ऑस्ट्रियन? (एक वाचक, जालना)

उत्तर : ‘जर्मन-भाषिक कवी’ म्हणावे. रिल्के १८७५ मध्ये प्राग येथे जन्मला, तेव्हा ते शहर ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होते. पाउल सेलान १९२० मध्ये चेर्नोवित्स येथे जन्मला. ते तेव्हा रोमानियात होते, आज युक्रेनमध्ये आहे. गेऑर्ग ट्राकल साल्झबुर्गचा, तर इंगेबोर्ग बाखमन क्लागेनफुर्टच्या. भाषेची सीमा आणि देशाची सीमा एक धरली, तर विसाव्या शतकातील जर्मन कवितेचा मोठा भाग हातचा जातो.

प्रश्न : सेलानची ‘मृत्यूची फ्यूग’ आम्हाला अभ्यासाला आहे. एक शिक्षक म्हणतात, कवीचे आयुष्य बाजूला ठेवून फक्त शब्द वाचा. दुसरे म्हणतात, नाझी छळछावण्यांचा इतिहास माहीत नसेल तर ही कविता वाचूच नका. आम्ही कोणाचे ऐकावे? (एक पदव्युत्तर विद्यार्थिनी, परभणी)

उत्तर : आपल्या दोन्ही शिक्षकांच्या मागे मोठे अभ्यासक उभे आहेत. तत्त्वज्ञ हान्स-गेऑर्ग गाडामर यांनी १९७३ मध्ये सेलानच्या ‘आटेमक्रिस्टाल’ या काव्यमालिकेवर एक छोटे पुस्तक लिहिले. ‘मी कोण आणि तू कोण?’ हा त्याच्या नावाचा अर्थ. भाषा आणि काव्यपरंपरा जाणणाऱ्या, चिकाटीने पुन्हा पुन्हा वाचणाऱ्या वाचकाला खासगी माहितीवाचूनही कविता आपला अर्थ देते, अशी त्यांची भूमिका होती. पेटर सोंडी हे बर्लिनमध्ये तौलनिक साहित्याचे प्राध्यापक होते, सेलानचे स्नेही होते, आणि बुडापेस्टच्या ज्यू कुटुंबातील असल्यामुळे बेर्गन-बेल्सनची छावणी त्यांनी स्वतः भोगली होती. डिसेंबर १९६७ मध्ये सेलान बर्लिनला आला, तेव्हा सोंडींनी त्याला शहरात फिरवले. रोझा लुक्सेम्बुर्ग आणि कार्ल लीबक्नेख्ट या समाजवादी नेत्यांना जानेवारी १९१९ मध्ये हत्येपूर्वी जेथे ठेवले होते ते ‘एडन’ हॉटेल जेथे होते, ती जागाही त्याने पाहिली. त्या दिवसांत सेलानने एक कविता लिहिली, आणि तिच्यातील एडन, कालवा, खाटकाचे आकडे हे उल्लेख कोठून आले ते सोंडींना प्रत्यक्ष ठाऊक होते.

माहिती असलेल्या या अभ्यासकाने ती माहिती म्हणजेच अर्थ, असे म्हटले नाही, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते. ‘एडन’ या निबंधात सोंडींनी ती सगळी माहिती दिली आणि मग विचारले की, कवीने पाहिलेल्या शंभर गोष्टींतून याच का निवडल्या गेल्या आणि याच क्रमाने का मांडल्या गेल्या, याचे उत्तर या माहितीत आहे का? त्याचे उत्तर कवितेच्या रचनेतच शोधावे लागते, असे त्यांचे मत होते. १९७१ मध्ये त्यांचा मृत्यू झाला आणि निबंध अपुरा राहिला.

आता ‘मृत्यूची फ्यूग’. सेलानच्या आई-वडिलांना १९४२ मध्ये ट्रान्सनिस्ट्रियातील छावणीत नेले गेले आणि तेथेच त्यांचा अंत झाला. ही कविता छापील रूपात प्रथम आली ती अनुवाद म्हणूनच : १९४७ मध्ये बुखारेस्टच्या एका नियतकालिकात, पेत्रे सोलोमोन यांच्या रोमानियन अनुवादात, आणि तेथे तिचे नाव ‘मृत्यूचा टँगो’ असे होते. जर्मन पाठ पुढच्या वर्षी आला. नाव टँगोवरून फ्यूगवर गेले ते सहज झालेले नाही. टँगो या नृत्यसंगीताच्या नावाने छावण्यांत कैद्यांना वाजवायला लावलेल्या संगीताकडे बोट दाखवले जाते. फ्यूग हा बाखच्या नावाशी जोडलेला, जर्मन संस्कृतीला अभिमान वाटणारा संगीतप्रकार आहे. कवितेत विरामचिन्हे नाहीत, ‘पहाटेचे काळे दूध’ हे शब्द फिरून फिरून येतात, आणि वाक्ये एकमेकांत गुंतत जातात, जसे फ्यूगमध्ये एक सूर सुरू असतानाच दुसरा त्याच्यामागून निघतो. म्हणजे इतिहास येथे टिपणातून यायची गरज नाही, तो कवितेच्या बांधणीतच आहे. पण ती बांधणी इतिहासाशिवाय ओळखू येत नाही.

म्हणून आपण असे करावे. आधी कविता मोठ्याने वाचावी, एकदा नव्हे, अनेकदा. कोणते शब्द परत येतात आणि परत येताना कोठे बदलतात याची नोंद ठेवावी. त्यानंतर इतिहास वाचावा आणि मग पुन्हा कवितेकडे यावे. हा क्रम मी सुचवतो, कारण इतिहास आधी वाचला की वाचक कवितेत केवळ त्याचा पुरावा शोधत बसतो, असे माझे निरीक्षण आहे.

अनुवादाविषयीही एक गोष्ट सांगतो, कारण पत्रात आपण मराठी अनुवादाचा विचार असल्याचे लिहिले आहे. अमेरिकी अभ्यासक जॉन फेल्स्टिनर यांनी इंग्रजी अनुवादात पुढे पुढे मूळ जर्मन शब्द परत येऊ दिले. मृत्यू हा जर्मनीहून आलेला उस्ताद आहे, ही ओळ त्यांच्याकडे हळूहळू जर्मन होत जाते. इंग्रजी वाचकाला ते शब्द ओळखीचे वाटतात आणि मारेकऱ्यांची भाषा कानावर आदळते. मराठीत हे करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. देवनागरीत लिहिलेले जर्मन शब्द आपल्या वाचकाला केवळ अनोळखी वाटतील, त्यांचा धाक वाटणार नाही. त्याऐवजी पुनरावृत्ती अक्षरशः सांभाळावी. एकदा ‘पहाटेचे काळे दूध’ म्हटले की पुढच्या खेपेस केवळ वैविध्यासाठी ‘उषःकाल’ किंवा ‘कृष्णवर्ण’ असे काही आणू नये. शब्द बदलत राहणे ही आपल्याकडे चांगल्या गद्याची खूण मानतात. या कवितेत ते घातक ठरेल.

प्रश्न : होल्डरलिनच्या एकाच कवितेचे दोन पुस्तकांत दोन वेगळे पाठ सापडले. यांतील खरा कोणता? (एक वाचक, पैठण)

उत्तर : नाथांच्या पैठणला पाठशुद्धीचे महत्त्व नव्याने सांगायला नको. एकनाथांनी शके १५०६, म्हणजे १५८४ मध्ये, ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली आणि तीत कोणी आपली ओवी घालील तर त्याने ‘अमृताचे ताटीं जाण नरोटी ठेविली’ (अमृताच्या ताटात जणू करवंटी ठेवली) असे बजावले. तेथे प्रश्न इतरांनी घातलेल्या ओव्यांचा होता. होल्डरलिनच्या बाबतीत उलट आहे, कारण भर घालणारा कवी स्वतःच आहे. ‘पाट्मोस’सारखी दीर्घ कविता पूर्ण करून दिल्यानंतरही तो तिच्यावर काम करत राहिला, जुन्या ओळींच्या वर, खाली, कडेला नव्या लिहीत गेला आणि जुन्या सगळ्याच खोडल्या नाहीत. १८०७ पासून १८४३ मध्ये मृत्यू येईपर्यंत तो ट्यूबिंगनच्या मनोऱ्यातील घरात मनोविकारग्रस्त अवस्थेत राहिला, आणि कोणता पाठ अखेरचा हे त्याने कोणाला सांगितले नाही.

संपादकांनी यातून वेगवेगळे मार्ग काढले. नॉर्बर्ट फोन हेलिंग्राट यांनी १९१३ पासून काढलेल्या आवृत्तीने या उत्तरकालीन कविता प्रथम गंभीरपणे वाचकांपुढे आणल्या. ते स्वतः १९१६ मध्ये व्हेर्दँच्या लढाईत मारले गेले. फ्रीड्रिश बाइसनर यांच्या श्टुटगार्ट आवृत्तीने १९४३ पासून वाचनीय, स्वच्छ पाठ वर दिला आणि पाठभेद पायरीपायरीने वेगळे लावले. डी. ई. झाटलर यांच्या फ्रांकफुर्ट आवृत्तीने १९७५ पासून हस्तलिखिताचे छायाचित्र आणि त्याचा जसाच्या तसा मुद्रित नकाशा समोर ठेवला, म्हणजे निवड वाचकाने करावी. आपल्याला सापडलेला फरक बहुधा अशा दोन पद्धतींमधला आहे. वाचायला सुरुवात करणाऱ्याने बाइसनर यांचा पाठ घ्यावा. अनुवादकाने मात्र झाटलर यांची पाने निदान एकदा पाहावीत, आणि आपला अनुवाद कोणत्या आवृत्तीवरून केला हे न चुकता लिहावे. अनेक मराठी अनुवादांत हा उल्लेखच नसतो, आणि मग दोन अनुवादांची तुलना करणारा अभ्यासक अनुवादकाला दोष देत बसतो, जिथे मुळात दोघांनी दोन वेगळ्या कविता अनुवादलेल्या असतात.

प्रश्न : हाइनेच्या एका कवितेत उत्तरेकडचे झाड दक्षिणेकडच्या झाडाचे स्वप्न पाहते. मराठीत कोणती झाडे घ्यावीत? (एक वाचक, लातूर)

उत्तर : झाडांच्या जातीपेक्षा त्यांच्या लिंगाकडे पाहावे. मुळात बर्फाखाली निजलेला वृक्ष पुल्लिंगी आहे आणि तापलेल्या कड्यावर एकटे झुरणारे ताडवर्गातील झाड स्त्रीलिंगी आहे, त्यामुळे ही विरहाची कविता होते. लेर्मोंतोव्ह या कवीने रशियन अनुवादात दोन्ही झाडे स्त्रीलिंगी केली आणि तिची केवळ एकटेपणाची कविता झाली. भाषाशास्त्रज्ञ श्चेर्बा यांनी हे दाखवून दिले आहे. दुसरा रशियन कवी त्युत्चेव्ह याने पहिले झाड पुल्लिंगी घेऊन हा भेद राखला. मराठीत ताड आणि माड दोन्ही पुल्लिंगी असल्याने ते येथे चालणार नाहीत. ‘देवदार’ आणि ‘खजुरी’ ही जोडी मी घेईन. देवदारामुळे वाचक मनाने हिमालयात जाईल हे खरे, पण बर्फ आणि उंची दोन्ही राहतात.

प्रश्न : असे अनुवाद छापायला कोणाची परवानगी लागते का? (एक वाचक, नांदेड)

उत्तर : भारतात कवीच्या मृत्यूनंतर साठ वर्षे आणि जर्मनीत सत्तर वर्षे स्वामित्वहक्क टिकतो, आणि ही मुदत मृत्यूच्या पुढील वर्षाच्या आरंभापासून मोजतात. ग्योथे, होल्डरलिन, हाइने, आणि १९२६ मध्ये वारलेला रिल्के यांना परवानगी लागत नाही. सेलान १९७० मध्ये वारला, त्यामुळे भारतात २०३० अखेरपर्यंत आणि जर्मनीत २०४० अखेरपर्यंत हक्क कायम आहे. त्याच्या कवितांसाठी मूळ जर्मन प्रकाशकाच्या हक्क-विभागाला लिहावे. इंटरनेटवर टाकलेला अनुवाद जर्मनीतही वाचला जातो, हे विसरू नये. रिल्केची मूळ कविता मुक्त असली तरी तिच्या इंग्रजी अनुवादकाचा हक्क वेगळा असतो, म्हणून इंग्रजीवरून अनुवाद करणाऱ्यांनी त्या पुस्तकाच्या अनुवादकाचे मृत्युवर्षही तपासावे. पूर्ण संग्रह काढायचा असल्यास गोएथे-इन्स्टिट्यूटची जर्मन पुस्तकांच्या अनुवादासाठी अर्थसाहाय्याची योजना आहे. तिचा अर्ज अनुवादकाने नव्हे, तर प्रकाशकाने करायचा असतो, म्हणून आधी प्रकाशक ठरवावा. या संस्थेच्या पुण्यातील शाखेत, म्हणजे मॅक्स म्युलर भवनात, याची चौकशी करता येईल.